तिसरी अर्जदार

ओजसच्या डोक्यावर बोरं ओतायला सगळ्या बायकांनी ओंजळी वर केल्या आणि नेमका तेव्हाच नेत्राचा फोन वाजायला लागला. तिनं तो वाजू दिला. सव्वा वर्षाच्या पोराच्या घशात बोराची बी अडकायला कितीसा वेळ लागतो? तिची नजर ओजसच्या मुठीवर होती, आणि मूठ तोंडाकडे वळली की झडप घालायची या तयारीनं ती पाटाशेजारी बसली होती.

"मम्मी, नुसते चुरमुरे आण म्हटलं होतं ना तुला?"

"बोराशिवाय बोरन्हाण खंय होता गे?" मालन म्हणाली. नेत्राची ही आई सकाळीच कांदिवलीहून मढला आली होती, ती हलव्याचे दागिने, काळं झबलं आणि बोरांची गच्च पिशवी घेऊनच. "तुकापण असाच न्हाऊ घातलंय. जित्ती आसस मगे?"

कोळ्यांच्या घरात हा सोहळा नवा होता. "आमच्यात पोरांना असं फलं मारीत नाय," म्हणत सोनूबाईनं, नेत्राच्या सासूनं, आधी नाक मुरडलं होतं. आता सगळ्यात मोठी ओंजळ तिचीच होती. नवरा महादू मच्छीमार सोसायटीचा चेअरमन, त्यामुळे जमलेल्या गल्लीतल्या बायका तिच्याकडे बघूनच हात मोकळे करणार होत्या.

"नेत्रा! फोन का उचलत नाहीस गं?"

दारात अक्षता उभी होती. काळा कोट हातावर, ओढणी खांद्यावरून घसरलेली, धावत आल्यासारखा श्वास. कॉलेजात ती नेत्राच्या शेजारी बसायची, आता वकिली करत होती.

"ये, ये, वेळेवर आलीस. बोरं घे हातात."

"उद्या आहे."

"काय उद्या?"

"तारीख. उद्या सकाळी. अकराच्या आत आपलं नाव कोर्टापुढे गेलं नाही तर संपलं."

ओंजळी वरच राहिल्या. डोक्यावर काही पडेना म्हणून ओजसनं वर बघितलं आणि भोकाड पसरलं.

खाडीतल्या रेतीचं प्रकरण कोळीवाड्यात शेंबड्या पोरालाही पाठ होतं. रेती उपसायचा हक्क आधी एका ठेकेदाराकडे होता. त्याची मुदत संपली आणि लिलावात तो दुसऱ्याला गेला. जुना म्हणाला मला मुदतवाढ हवी, नवा म्हणाला मला ताबा हवा, आणि दोघं हायकोर्टात गेले. यंत्रं कुणाची लागायची एवढंच त्यांचं भांडण. यंत्रं लागावीत का, हे विचारणारं तिथं कुणीच नव्हतं. म्हणून सोसायटीनं मध्ये पडायचं ठरवलं आणि नेत्राच्या ओळखीनं अक्षताला गाठलं. मागच्या वेळी न्यायमूर्ती म्हणाले होते, आणखी कुणाला बोलायचं असेल तर पुढच्या तारखेला या, नंतर दार बंद. ती तारीख महिनाअखेरीची होती. नव्या ठेकेदारानं घाई करून ती उद्यावर ओढून आणली होती.

"मग जाऊ की उद्या," सोनूबाईनं ओंजळ एकदाची ओजसवर रिकामी केली. "निमेशचे बाबा बंदरावर हायत. बोलावते. सही करतील नि काय."

"काकी, त्यांचीच सही नकोय."

"म्हंजे?"

अक्षतानं पाण्याचा तांब्या अर्धा संपवला. "दोन वर्षांपूर्वी खाडीच्या आराखड्याची जनसुनावणी झाली होती. तेव्हा तिवरांत शिरल्या म्हणून वनखातं बायकांची धरपकड करत होतं. आठवतं? काका उठून म्हणाले, आमच्या गावच्या बायका खाडीत जातच नाहीत. आमचा धंदा बाहेर, दर्यात, बोटींवर."

"आमाला वाचवायला बोलले ते!" मागून कुणीतरी म्हणालं.

"वाचवायलाच. पण नव्या ठेकेदारानं तेच वाक्य उचललंय. सोसायटी उभी राहिली की त्यांचा वकील म्हणणार, तुम्ही खाडीत जातच नाही तर तुमचं बुडतंय काय? दोन मिनिटांत बाहेर काढतील आपल्याला."

नेत्रानं सासूकडे पाहिलं. सासू जमिनीकडे बघत होती. खरं काय ते या खोलीतल्या प्रत्येकीला ठाऊक होतं. ओहोटी लागली की यातल्या बहुतेक जणी पदर खोचून खाडीच्या खडकांवर असायच्या, लोखंडी आकडीनं कालवं फोडत. ती कालवं बाजारात जायची, मढच्या शूटिंगच्या बंगल्यांत जायची, घरच्या ताटातही यायची. पण ज्याच्या दारात मोठी बोट आली त्याच्या घरी या कामाचं नाव काढायचं नाही. बोटवाल्याची बायको चिखलात, हे गरिबीचं लक्षण. महादू त्या सुनावणीत बायकांना वाचवायला बोलला होता हे खरं होतं. बोटवाला म्हणून बोलला होता, हेही तितकंच खरं होतं.

"मग जायचं कोनी?" कुंदाआत्यानं विचारलं. ही महादूची सख्खी बहीण, दोन घरं सोडून दिलेली. भावजयीशी तिचं कामापुरतंच बोलणं.

"ज्याच्या पोटावर थेट येणार त्यानं. यंत्र लागलं की गाळ उठेल, खडकांवर बसेल, कालवं गुदमरतील. बोटवाल्यांना काय फरक पडतो? तेव्हा मला फक्त एवढं सांगा, खाडीत कोण जातं?"

एकही हात वर होईना. मघाशी बोरांसाठी उंच झालेले हात आता पदरात गेले होते.

"चेअरमननं सांगितलंय ना जात नाय?" कुंदाआत्या सोनूबाईकडे बघत म्हणाली. "मग नाय जात. भावाचा शब्द मी नाय खाली पारनार. त्याच्या बायकोनं पारावा हवा तर."

"कुंदे, तोंड सांभाल."

तेवढ्यात ओसरीवर चपला वाजल्या. महादू आणि निमेश, नेत्राचा नवरा, बंदरावरून आले होते. बातमी त्यांच्या आधीच पोचली असावी, कारण महादूनं नातवाकडेसुद्धा बघितलं नाही.

"काय चाललंय वकीलबाई? माझं नाव नको म्हनतंय कोर्ट?"

अक्षतानं त्यालाही सगळं सांगितलं. ऐकता ऐकता त्याच्या कानशिलावरची शीर उडायला लागली.

"आनि आता बायकांची नावं घालनार? महादू कोल्याच्या घरच्या बायका चिखलात बसतात, हे कोर्टात वाचनार?"

"काका, अडचण वेगळीच आहे. अध्यक्ष बोलतो तो सभासदांच्या वतीनं. तुमचं वाक्य या सगळ्या जणींना बांधून टाकतं. त्यांना आता उलटं बोलताच येणार नाही."

"आमच्या वतीनं?" कुंदाआत्या एकदम ताठ झाली. "आमी कंधी जालो सभासद?"

"म्हणजे?"

"मी मागितलं होतं. मालक गेले त्या वर्षी. यो म्हनाला, ज्याची बोट नाय त्याला सभासद करीत नाय. मिटिंगचा चहा मात्र आमीच करायचा."

अक्षतानं महादूकडे वळून पाहिलं. "काका, सोसायटीत एकही बाई सभासद नाही?"

"नियमच हाय तसा," महादू चाचरला. "पहिल्यापासून."

"एकही नाही?"

"नाय म्हनतोय ना!"

"झकास!" अक्षतानं टाळीच वाजवली. महादू दचकला. ओजस रडायचा थांबला. "अहो काका, तुम्ही यांना आत घेतलंच नाहीत! मग तुमचा शब्द यांना कसा बांधेल? तुम्ही बोलायला यांचे कोण?"

"मी हिचा नवरा हाय!"

"ते घरात."

आधी हसली ती मालन. तोंडावर पदर घेऊन, पाव्हणी असल्याचं भान ठेवून, पण हसली. मग खोलीभर खसखस पिकली. नेत्राला मात्र हसू आलं नाही. ती निमेशकडे बघत होती. निमेश दाराला टेकून उभा होता, हात खिशात आणि नजर बायकोवर. त्याची लहान बोट गेल्या महिन्यापासून नव्या ठेकेदाराच्या मोजणीवाल्या माणसांची ने-आण करत होती. बंदरात रिकामी उभी राहायची ती बोट आता रोज भरतीला निघायची, आणि ओजसच्या नावानं निमेशनं मोठमोठे बेत करायला घेतले होते.

"थांबा, एवढ्यानं भागत नाही," अक्षता म्हणाली. तिनं फाईल मांडीवर उघडली होती. "खाडी सरकारची. कागदावर ती आता खाणच आहे, रेती म्हणजे गौण खनिज."

"खारीत खान?" कुणीतरी विचारलं.

"कागदावर. उद्या कोर्ट विचारेल, कुणीही यावं आणि कालवं काढून न्यावीत असंच आहे ना तिथं? मग तुमचा वेगळा हक्क कसला? रस्त्यावरच्या कुणालाही येऊ द्यायचं का केसमध्ये?"

"कुनीही कसं येईल?" सोनूबाई पहिल्यांदा तडकली. "माझ्या खरकाला बाहेरची बाई हात लावील काय? हात राहील तिचा जागेवर?"

"तुझा खरक?" कुंदाआत्या उठून उभी राहिली. "माझ्या आयचा खरक तो! आयच्या मागं पोरीला मिलायचा. तू सून म्हनून आलीस नि बसलीस त्याच्यावर!"

"सासूचा खरक सुनेला जातो. पोरगी गेली की ती दुसऱ्याच्या खरकावर. सगल्या गावात असंच हाय. तुला नाय का तुझ्या सासूचा मिलाला?"

"त्या टेकाराला खरक म्हनतेस? पोरगी गावातच दिली की अर्धा वाटा असतो. इचार सगल्यांना!"

"अर्धा नाय, वरची बाजू फकस्त," कोपऱ्यातून एक म्हातारी म्हणाली. "नि तीपन आय जित्ती हाय तवर."

"तू गप ग, तुझी सून परवा माझ्या हद्दीत आकरी मारीत होती!"

बघता बघता खोली पेटली. कुणाचा खडक कुठे संपतो, कुणी कुणाला रागानं वाटा दिला नाही, कुणी माहेरी जाताना जावेला सांभाळायला दिला तो परत मिळालाच नाही. दर खडकाला एका बाईचं नाव, तिच्या आधीच्या बाईचं नाव, आणि पुरुषाचं नाव कुठल्याच खडकाला नाही. मघाशी एक हात वर होत नव्हता. आता प्रत्येकीचे दोन्ही हात हवेत होते.

"अगं थांबा, भांडू नका," नेत्रा मध्ये पडायला गेली. अक्षतानं तिचा दंड धरून तिला खाली बसवलं. ती भराभर लिहीत होती आणि तिचे डोळे चमकत होते.

"अडवू नकोस त्यांना," ती पुटपुटली. "भांडू दे. ज्याच्यावरून कुणी भांडत नाही त्याला हक्क म्हणत नाहीत. तू हे मला आधी का नाही सांगितलंस?"

"मला वाटलं ही घरातली भांडणं आहेत."

"घरातलीच आहेत. पिढ्यान्‌पिढ्यांची. हेच तर हवंय!" तिनं आवाज चढवला. "काकी! आत्या! एक मिनिट. या खडकावर तुम्ही दोघी हक्क सांगताय. उद्या दोघी शेजारीशेजारी उभ्या राहाल का? खडक हिचा की तिचा, ते नंतर भांडा. पण रेतीवाल्याचा नाही, एवढं दोघींचं एक आहे ना?"

नणंद-भावजयींनी एकमेकींकडे पाहिलं. असं समोरासमोर पाहून त्यांना किती वर्षं झाली असतील, नेत्राला सांगता आलं नसतं.

"रेतीवाल्याचा कसा असंल?" कुंदाआत्या म्हणाली.

"त्याच्या बापाचा नाय," सोनूबाई म्हणाली.

महादू पुढे आला. "सोनू, ऐकून ठेव. कोर्टात गेलीस तर सोसायटी तुझ्या मागं उभी राहनार नाय."

"मागं नकोच," सोनूबाईनं पदर खोचला. "तुमची पहिली बोट आली तवा तिचं इंजिन कोनी आनलं? त्याच चिखलातून आनलं मी. सुनावनीला बोललात तवा मी गप बसले. आता बाजूला व्हा, दार अरतंय. बायकांना उजेर लागतो."

  महादू वळला आणि ओसरी उतरून बंदराच्या दिशेनं चालू लागला. सोनूबाईचा हात पदरावरच थबकला, क्षणभरच. मग तिनं ओजसच्या पाठीवरून एक बोर उचलून स्वतःच्या तोंडात टाकलं.

"दोन अर्जदार झाल्या," अक्षता म्हणाली. "तिसरी हवी. तरुण. नाहीतर ते म्हणतील, दोघी साठीच्या पुढच्या, अजून पाच वर्षांनी इथं येणार कोण? पुढची पिढी कुठे आहे? तिथं उभं राहून नीट उत्तरं देणारीही हवी. सध्या खडकावर जाणारी तरुण बाई कोण आहे?"

"ती काय, पोराच्या मुठीतून बिया काढतेय," कुंदाआत्या मजेत म्हणाली. "गमबूट घालून येते आमची फॅशनवाली."

खोली हसली. नेत्राच्या हातातली बी खाली पडली.

"काय म्हणतात ता?" मालन उठली होती. "नेत्रा? तू चिखलात जातंस? बी.कॉम. केलंस ता ह्याच्यासाठी?"

"मम्मी, आत ये. आत येऊन बोल."

ओजसला कडेवर मारून ती स्वयंपाकघरात गेली. मागून मालन आली, तिच्या मागून निमेश. तिघांना ती जागा पुरत नव्हती.

"ऑफिस सोडलं तेव्हापासून जाते," नेत्रा म्हणाली. "पाळणाघरात ठेवायची भीती वाटायची मला याला. ओहोटीला दोनतीन तास शेजारचं कुणीतरी असतं याच्याजवळ. आईंचे गुडघे गेलेत, त्या वरून दाखवतात, मी काढते. मला येतं ते आता. मला आवडतं."

"आवडतं ते आवडू दे ना," निमेश दबक्या आवाजात म्हणाला. "मी कधी नाही म्हटलं? पण नाव नको घालूस, यार. आईचं आहे, आत्याचं आहे, बस झालं. तुझं नाव दिसलं की दुसऱ्या मिनिटाला माझी बोट बंद. तो शेठ काय वेडा आहे?"

"आणि तिसरं नाव नसलं आणि अर्ज उडाला तर?"

"तर उडाला. दुसरी कुणी देईल."

"कोण देईल? बाहेरच्या सगळ्यांच्या घरात एक निमेश आहे."

त्यानं एकदा बाहेर डोकावलं. मग म्हणाला, "तू घाबरतेस कशाला नाही ते सांग मला. बोराच्या बीला घाबरतेस, पाळण्याच्या दोरीला घाबरतेस. आणि शेठला नाही?"

"घाबरते ना! रात्रभर झोप नाही लागणार मला."  ओजसनं स्वतःच्या गळ्यातली हलव्याची माळ तोंडात घातली होती आणि तिला ते कळलंही नव्हतं. "पण तुझी बोट तो कधीही बंद करू शकतो, निमेश. आज, उद्या, त्याची मर्जी. तो खडक मला कुणी बंद करू शकत नाही. एवढी एकच गोष्ट आहे माझ्याकडे तशी."

निमेशनं आधारासाठी सासूकडे पाहिलं. मालननं ओजसच्या तोंडातून माळ सोडवली. ती लेकीवर उखडणार असंच दोघांनाही वाटत होतं.

"माझी सासू परळाक खानावळ चालवायची," मालन म्हणाली. "तीस गिरणकामगार दोन वेळ जेवत आमच्या खोलीत. गिरणी बंद झाली, भांडणा लागली, कोर्टकचेरी झाली. तुझ्या पप्पांका विचारल्यानी, किती वर्षं काम केलास, नाव काय, खातं कुठलं. तेंचा नाव कामगारांत होतां ना. सासूक कोण विचारतलो? ती खंय गिरणीत होती? तिची चूल गिरणीवरच पेटायची, पण ती तिथली कोणच नव्हती." तिनं नातवाला लेकीच्या कडेवरून स्वतःकडे घेतलं. "तुका ती वकील पोरगी विचारता हा, तर जा. मी ऱ्हवतंय उद्या. ह्येका मी बघतंय."

"मम्मी, बिया..."

"बोरां बांधून ठेवतंय माळ्यार. जा तू."

नेत्रा बाहेर आली तेव्हा अक्षता वकीलपत्र उघडून बसली होती. सोनूबाईनं अंगठा देणार नाही म्हणून हट्टानं एकेक अक्षर जोडत सही केली होती. कुंदाआत्यानं तिच्या खाली तिरपी, मोठी. नेत्रानं पेन घेतलं. मागे निमेश उभा आहे हे तिला न बघताच कळत होतं. तिनं पूर्ण नाव लिहिलं, नवऱ्याच्या नावासकट.

दुसऱ्या दिवशी कोर्टात पोचेपर्यंत सोनूबाई तीनदा म्हणाली की तिला उलटी होणार, आणि कुंदाआत्यानं तीनदा तिच्या हातात लिंबू दिलं. निमेश सोबत आला होता. का आला ते त्यानं सांगितलं नव्हतं, नेत्रानं विचारलं नव्हतं. महादू पहाटेच बोट घेऊन दर्यात गेला होता.

अक्षता ज्यांच्या हाताखाली होती ते मोठे वकील दुसऱ्या कोर्टात अडकले. पुकारा झाला आणि अक्षतालाच उभं राहावं लागलं. नेत्राला मागच्या बाकावरून तिची मान दिसत होती, आणि त्या मानेवरचा घाम. कुंदाआत्यानं सोनूबाईचा हात घट्ट धरला होता आणि ते दोघींच्याही लक्षात आलेलं नव्हतं.

नव्या ठेकेदाराचा वकील उंच, हसरा, तयारीचा होता. त्यानं महादूचं वाक्य सावकाश वाचून दाखवलं. मग म्हणाला, गावाचा अध्यक्षच सांगतो की बायका खाडीत जात नाहीत, तेव्हा या बायका आल्या कुठून?

"या सोसायटीच्या सभासद आहेत का?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"नाहीत," अक्षता म्हणाली. "बोट नाही म्हणून यांना सभासदत्व दिलेलंच नाही. यातल्या एकीनं मागूनही."

न्यायमूर्तींनी चष्म्यावरून उंच वकिलाकडे पाहिलं. "मग ते अध्यक्ष यांच्या वतीनं बोलले कसे?"

उंच वकिलाचं हसू जरा आखडलं, पण तो थांबला नाही. त्याच्या हातात आणखी एक हुकमाचं पान होतं. "तिसऱ्या अर्जदाराचे पती आमच्याच अशिलाकडे काम करतात. त्यांची बोट आमच्या कामावर आहे. घर एका हातानं आमचं काम घेतं आणि दुसऱ्या हातानं ते थांबवायला येतं. हा अर्ज प्रामाणिक कसा म्हणायचा?"

कोर्टात कुजबुज झाली.  नेत्राशेजारी निमेश दगडासारखा बसला होता.

"तिसरी अर्जदार हजर आहे?"

ती उठली. 

"हे खरं आहे? तुमचे पती यांच्याकडे काम करतात?" न्यायमूर्तींनी मराठीतच विचारलं.

"हो, साहेब."

"तरी तुम्ही आलात?"

रात्रभर तिनं उत्तरं पाठ केली होती. अक्षतानं शिकवलेली, स्वतः जुळवलेली, चांगल्या मराठीतली. त्यातलं एकही आता जागेवर नव्हतं.

"त्यांची बोट भरतीला निघते, साहेब," ती म्हणाली. "मी ओहोटीला जाते."

 मग न्यायमूर्तींच्या मिशीखाली काहीतरी हललं, आणि मागच्या बाकावरून कुंदाआत्या एवढ्या मोठ्यानं "हां!" म्हणाली की शिपाई धावत आला.

हुकूम छोटा होता. तिघींचं म्हणणं ऐकल्याशिवाय या प्रकरणात पुढे काही होणार नाही. अर्ज मंजूर. दोन्ही ठेकेदारांनी आपापले कागद यांनाही द्यावेत. तोपर्यंत खाडीत यंत्र उतरणार नाही. रेतीचा निकाल अजून दूर होता, हे अक्षता बाहेर आल्यावर दहादा सांगत होती, पण तिलाच धड उभं राहवत नव्हतं. तिनं नेत्राला उचलायचंच काय ते बाकी ठेवलं.

"केसमध्ये आलो आपण! कळतंय का तुला? कागद आता आपल्याला द्यावे लागणार त्यांना!"

"म्हंजे जालं ना?" सोनूबाई विचारत होती. "कुंदे, जालं काय?"

"जालं गो, जालं. आता चहा पाज. मी नाय करनार आज."

नेत्रानं घरी फोन लावला, ओजस जेवला का ते विचारायला. तो लागायच्या आत तिला जिन्याखाली निमेश दिसला. त्याचाच फोन वाजत होता. त्यानं पडद्यावरचं नाव बघितलं, मग वर तिच्याकडे बघितलं. शेठचा फोन आहे हे तिला त्याच्या खांद्यांवरूनच कळलं. ती कठड्याला धरून उभी राहिली. खाली जावं की नाही ते तिला सुचेना.

निमेशनं फोन कानाला लावला. पलीकडून बराच वेळ कुणीतरी ओरडत होतं. तो ऐकत होता. मध्येच त्यानं फोन कानापासून दूर धरला, पुन्हा जवळ घेतला.

"हो, बंद करा बोट," तो शेवटी म्हणाला. "नाही, तिला मी काही सांगणार नाही. तुम्हाला काय बोलायचं ते वकिलाकडून बोला. ती केसमधली पार्टी आहे, शेठ. मी नुसता तिचा नवरा आहे."